जाळरेषा

जानेवारी सरली की आमच्या बीटमध्ये
जाळरेषा काढायचं काम निघतं.
सहा मीटर रुंद, कड्यापासून नाल्यापर्यंत
पानं झाडायची, ढीग लावायचे,
संध्याकाळी वारा पडला की पेटवायचे.
उद्या वणवा चढून आलाच
तर त्याला पाय टेकायला जागा मिळू नये.

मी खारपाणपट्ट्यातली, दर्यापूरकडची.
डोंगर मला नोकरीनं दाखवला.
टेप, शिट्टी, हजेरीपट
आणि अकरा मजूर.
त्यात मुंगीलाल भिलावेकर,
कार्डावर अठ्ठेचाळीस, गुडघ्यात साठ.

त्याचा ढीग सगळ्यात शेवटी व्हायचा.
पहिल्या दिवशी मी लांबूनच ओरडले.
जवळ गेले तर ढीग नव्हताच.
सागाची पानं उताणी निजवलेली,
फिकट बाजू वर,
त्यांच्यातून धावड्याची तांबूस पानं निघालेली
एकामागे एक, वळसा घेत,
दगड आडवा आला तिथं दगडावरून,
आणि कड्याच्या तोंडाशी थांबलेली.

हे काय, म्हटलं.
"काई नाई मॅडम. पानंच हायत."
आणि काडी ओढली.

नंतर मी ओरडायचं सोडलं. घड्याळ तेवढं पाहायची.
एकदा साळींदराचे काटे, मातीत उभे,
दुपारभर त्यांच्या सावल्या सरकत राहिल्या
आणि तो बिडी ओढत त्या सरकू देत बसला.
एकदा नाल्यातले गोटे, काळ्यापासून करड्यापर्यंत,
मधले रंग सापडेनात म्हणून
अर्धेच.
मार्चात जळल्या पट्ट्यावर, काळ्याभोर राखेत,
मोहाची फुलं.
पहाटे वेचलेली, एकेक ठेवलेली,
तासाभरानं एकेक उचलून, फुंकून
परत टोपलीत.
फुलं बायकोची होती. बाजार शुक्रवारी.

त्याचं गाव याच पठारावर होतं, जामुनखोरा.
आता ते खाली अकोटच्या वाटेला आहे,
ओळीत, पत्र्याचं, नळाचं.
वर राहिलीत सीताफळाची झाडं,
खडकातलं उखळ,
आणि वाळवीनं अर्धा खाल्लेला एक मुंडा
ज्याच्यावरचा घोडेस्वार आता नुसता घोडा आहे.

रेषा तिथून जाणार होती.
मी आदल्या रात्रीच ठरवून टाकलं होतं
की उद्या हा घर काढणार,
पानांचा उंबरा, पानांची चूल,
मी गुपचूप फोटो घेणार.

त्यानं काही काढलं नाही.
खराटा मारला, इतका साफ
की मुंग्यांची वाट दिसायला लागली.
मग ढीग. गोल, उंच, सरकारी.
पेटवला. पाणी प्याला.
मी मोबाइल खिशात ठेवला
आणि त्याच्याकडे बघायचं टाळलं.

चार दिवसांनी कुसुमाला लाल पालवी आली.
त्या संध्याकाळी वारा पडलाच नाही,
त्यामुळे त्याचं त्या दिवशीचं काम
न जळता डोंगरावर राहिलं, रात्रभर,
लाल पानांचं एक मोठं, न मिटलेलं वर्तुळ.

ट्रॅप कॅमेऱ्याच्या कार्डात सापडलं ते मला.
आधी सांबर, मग कोळ्याचं जाळं,
मग मीच, हेल्मेट घालून,
मग तीन वाजून बारा मिनिटांनी अस्वल.
वर्तुळाच्या कडेनं हुंगत आलं.
आत बसलं, मांडी ठोकल्यासारखं.
पुढच्या नऊ फोटोंत बसलेलंच आहे.
दहाव्यात पंजा हललेला,
अकराव्यात पानं विस्कटलेली, अस्वल नाही.

वाघ नव्हता, म्हणून ऑफिसात कुणी दुसऱ्यांदा पाहिलं नाही.
मी मुंगीलालला दाखवलं.
त्यानं बोटांनी फोटो मोठा केला,
सरकवला, आणखी मोठा केला,
अस्वल पडद्याच्या बाहेर गेलं
तरी बघत राहिला.

"हे पान माह्याकडून चुकलं होतं," म्हणाला.
"त्यानं बरोबर लावलं."

मोबाइल सदऱ्याला पुसून परत दिला
आणि खराटा उचलला.
अजून चारशे मीटर बाकी होते.